घड की बाळी? : द्राक्षवेलीचा एक अभ्यास

द्राक्ष खाल्ले नाही असे मूल आमच्या निपाणीत सहसा सापडणार नाही. फेब्रुवारी लागला की हातगाड्यांवर हिरव्या-काळ्या घडांचे ढीग दिसू लागतात. रमजान ईदच्या शीरखुर्म्यात बेदाणे पडतात आणि सत्यनारायणाच्या प्रसादाच्या शिऱ्यातही तेच बेदाणे असतात. परंतु "द्राक्षाची वेल कोणी पाहिली आहे?" असे वर्गात विचारले, तर चाळीस मुलांत दोन-तीन हात वर होतात. याचे कारण उघड आहे. निपाणी हे तंबाखूचे आणि उसाचे गाव. द्राक्ष पिकते ते येथून पूर्वेला, कृष्णा ओलांडल्यावर, अथणी तालुक्याच्या कोरड्या माळावर आणि त्यापलीकडे जत, कवठेमहांकाळ, तासगाव व विजयपूर या पट्ट्यात.

या फळासंबंधी विद्यार्थ्यांना आणि पालकांना चार उपयुक्त गोष्टी सांगाव्यात, असा आमचा विचार आहे. तत्पूर्वी आमच्याच अज्ञानाची एक हकीकत सांगणे अवश्य आहे. कारण या लेखाचा उगम तिच्यातच आहे.

काही वर्षांपूर्वी मिरजेहून आम्ही द्राक्षाची मुळ्या फुटलेली एक काडी आणली व घराच्या मागील अंगणात लावली. वेल जोमाने वाढली. दुसऱ्या वर्षी तिने भिंत झाकली, तिसऱ्या वर्षी ती शेजाऱ्यांच्या कौलांवर गेली. पाने तळहाताएवढी, पण फळाचा पत्ता नाही. आम्ही शेणखत घातले, पाणी वाढविले. पाने आणखी मोठी झाली. चौथ्या वर्षी घरातून मागणी आली, "ही काढून टाका आणि तिथे दोडक्याचा वेल लावा." पंचवीस वर्षे विज्ञान शिकविणाऱ्या मनुष्याला हे ऐकून घेणे भाग पडले.

त्याच सुमारास, एप्रिलच्या सुटीत, आमचा एक विद्यार्थी वह्या घेण्यासाठी घरी आला. तो अथणीकडचा, शिक्षणासाठी निपाणीत मामाकडे राहणारा. वेलीकडे पाहून तो म्हणाला, "सर, ही येल माजलीया. हिला कात्री कवा लावलीसा?"

आम्ही म्हणालो, "कात्री कशाला लावायची? चांगली वाढते आहे की."

तो हसला. "म्हणूनच की, सर. कात्री न्हाई लावली तर घड कुठनं येणार? समद्या बाळ्याच येणार."

बाळी हा बागाईतदारांचा शब्द. वेल ज्या तंतूने आधाराला धरते, त्याला पुस्तकात ताणा किंवा प्रतान म्हणतात. घड आणि बाळी यांचा एकमेकांशी काय संबंध, हे आम्हांला त्या दिवशी सांगता आले नाही. म्हणून आम्ही पुस्तके उघडली. त्यांतून जे हाती लागले ते असे.

वेलीची ओळख

द्राक्षाचे शास्त्रीय नाव व्हायटिस व्हिनिफेरा, कुल व्हायटेसी. हे कुल आपल्याला अगदीच परके नाही. कुंपणावर वाढणारी चौकोनी खोडाची कांडवेल, जिला हाडसांधीही म्हणतात, आणि रानातील आंबटवेल या दोघी द्राक्षाच्याच कुलातल्या. द्राक्ष पाहावयास मिळाले नाही तरी कांडवेल पाहता येते. तिचा ताणा कोठून निघतो ते विद्यार्थ्यांनी नीट पाहावे. वाटाण्याचा ताणा पानाच्या टोकाला येतो; द्राक्षाच्या कुलात तो पेरावर, पानाच्या बरोबर समोरच्या बाजूस येतो. द्राक्षात आणखी एक नियम दिसतो : सलग दोन पेरांवर ताणा किंवा घड आणि तिसरे पेर मोकळे.

द्राक्षाची फुले हिरवट, बारीक आणि झुपक्याने येतात. इतर फुलांच्या पाकळ्या वरून उमलतात. द्राक्षफुलाच्या पाकळ्या वरच्या टोकाला जुळलेल्या असतात आणि खालून सुटून टोपीसारख्या गळून पडतात. फुलातच पुंकेसर व स्त्रीकेसर दोन्ही असल्याने लागवडीच्या बहुतेक वाणांत परागसिंचनाची फारशी अडचण पडत नाही. पुढे फुलाचा मणी होतो. मण्यावर जी पांढुरकी झाक दिसते ती वेलीनेच तयार केलेल्या मेणाची असते. पुष्कळ लोक तिला औषधाचा डाग समजतात, ते बरोबर नाही. तथापि फवारण्या होतात हेही खरे, म्हणून द्राक्षे स्वच्छ धुऊनच खावीत.

आता मुख्य मुद्दा. पानाच्या बगलेतील डोळ्यात, उघड्या डोळ्यांना दिसणार नाही असा एक अंकुरबिंदू तयार होतो. आरंभी तो घडही नसतो आणि बाळीही नसतो. त्या काडीला भरपूर ऊन मिळाले, तिच्यात अन्नाचा साठा झाला, तर तो फांद्या फोडीत जातो व त्याचा घड होतो. सावली पडली, ढगाळ हवा राहिली किंवा वेलीची सारी शक्ती शेंडा वाढविण्यात गेली, तर त्याच बिंदूची बाळी होते. घड आणि बाळी ही मुळात एकाच जागची, एकाच जातीची. कधी कधी बाळीच्या टोकाला दोन-चार मणी लागलेले दिसतात, ते याच अर्धवट राहिलेल्या निर्णयाचे चिन्ह होय.

आमच्या अंगणात काय घडले ते आता स्पष्ट झाले. खत-पाणी देऊन आम्ही शेंडा वाढवीत होतो. पानांच्या दाटीत एकाही डोळ्याला ऊन मिळत नव्हते. आम्ही वेलीचे फार लाड केले, आणि तिने आम्हांला चार वर्षे बाळ्या दिल्या.

दोन छाटण्या

द्राक्ष मूळचे थंड हिवाळ्याच्या मुलुखातले. २०२३ साली प्रसिद्ध झालेल्या एका मोठ्या जनुकीय अभ्यासानुसार सुमारे ११ हजार वर्षांपूर्वी पश्चिम आशिया आणि कॉकेशस या दोन प्रदेशांत माणसाने ही वेल लागवडीखाली आणली. तिकडे हिवाळ्यात पाने गळतात, वेल झोपी जाते, आणि वसंतात फुटून फळ देते. तेथे वर्षातून एकच छाटणी पुरते. आपल्याकडे असा हिवाळा नाही. वेल झोपत नाही, बारा महिने वाढत राहते. म्हणून निसर्ग जे काम थंडीने करतो, ते येथे शेतकऱ्याला कात्रीने करावे लागते.

पहिली छाटणी एप्रिलच्या सुमारास होते, तिला खरड छाटणी म्हणतात. जुन्या काड्या ओलांड्याजवळ तोडतात आणि नव्या काड्या वाढवितात. या छाटणीनंतर साधारण ४० ते ६० दिवसांत नव्या काडीच्या डोळ्यात घड की बाळी याचा निकाल लागतो. फळ तेव्हा दिसत नाही. बाहेरून पाहणाऱ्याला नुसती पाने दिसतात. दुसरी छाटणी ऑक्टोबरच्या सुमारास, पाऊस सरल्यावर. तिला गोडी छाटणी किंवा फळछाटणी म्हणतात. तीत घडाचे डोळे राखून काडीचा पुढचा भाग कापतात. मग डोळे फुटतात, घड बाहेर पडतात, आणि जानेवारी ते एप्रिल या काळात माल तयार होतो. जाणते बागाईतदार फळछाटणीपूर्वी काड्यांचे नमुने प्रयोगशाळेत पाठवून सूक्ष्मदर्शकाखाली डोळे तपासून घेतात व त्यानुसार कोणत्या डोळ्यावर कापावयाचे ते ठरवितात.

चौदाव्या शतकात दौलताबादला आलेला प्रवासी इब्न बतूता याने तेथील द्राक्षे व डाळिंबे वर्षातून दोनदा फळतात, अशी नोंद केली आहे. वेल न झोपण्याचाच हा परिणाम. तमिळनाडूच्या कंबम खोऱ्यात आजही वर्षात एकाहून अधिक पिके घेतात. आपल्या भागात मात्र पावसाळ्यातले फळ रोगाने हाती लागत नाही, म्हणून छाटण्या दोन आणि पीक एक, अशी रीत बसली आहे.

वाण

द्राक्षाची लागवड काडीपासून होते, बीपासून नव्हे. त्यामुळे एका वाणाच्या साऱ्या वेली म्हणजे एकाच वेलीचे तुकडे. पण कधी एखाद्या फांदीच्या डोळ्यात आपोआप बदल होतो आणि त्या फांदीची फळे वेगळी येतात. ज्याची नजर सावध त्याला नवा वाण सापडतो. तासगाव तालुक्यातील बोरगावच्या वसंतराव आर्वे यांनी थॉम्पसन सीडलेस या वाणातून तास-ए-गणेश निवडला, आणि सोलापूरजवळील नान्नजच्या नानासाहेब काळे यांनी लांब मण्यांचा सोनाका निवडला. ही दोन्ही माणसे शेतकरी होती, हे विद्यार्थ्यांनी लक्षात ठेवावे.

जुन्या काळी महाराष्ट्रात भोकरी, फकडी, साहेबी हे वाण असत. पुण्याच्या गणेशखिंड बागेत डॉ. चीमा यांनी पंढरी साहेबीच्या रोपांतून जो वाण निवडला, तो चीमा साहेबी. हैदराबादेकडे अनाब-ए-शाही गाजला. अरबीत इनब म्हणजे द्राक्ष, त्यावरून हे नाव. हे वाण बियांचे. पुढे थॉम्पसन आला आणि बिनबियांच्या द्राक्षांनी बाजार जिंकला. काळ्यांत शरद सीडलेस प्रसिद्ध आहे. बंगळूरकडील बेंगलोर ब्लू हा अमेरिकन द्राक्षाचा अंश असलेला, जाड सालीचा वाण. तो रसासाठी चांगला.

बिनबियांच्या द्राक्षात बी मुळीच नसते असे नाही. थॉम्पसनमध्ये फलन होते, पण बी अगदी लहानपणीच खुंटते; दाताला लागत नाही इतकेच. मणी फुगविणारे संप्रेरक बीमध्ये तयार होते. बी खुंटल्यामुळे मणी बारीक राहतो, म्हणून शेतकरी जिबरेलिक आम्ल बाहेरून देतात. हे द्रव्य १९२६ साली एका जपानी शास्त्रज्ञाच्या भाताच्या एका रोगाचा अभ्यास करताना लक्षात आले. भाताचा रोग आणि आपल्या गाडीवरचा घड यांचा असा संबंध आहे.

बाग आणि माणसे

आमच्या विद्यार्थ्याने त्या एप्रिलमध्ये आमच्या वेलीची खरड छाटणी केली. इतके कापले की पाहवेना. पुढे नोव्हेंबरअखेरच्या एका रविवारी आम्ही त्याच्यासह त्याच्या वडिलांची बाग पाहण्यास गेलो. चिकोडीमार्गे कृष्णा ओलांडली, ऊस मागे पडला, आणि बाभळीच्या माळात तारांवर चढविलेल्या बागा दिसू लागल्या. बेळगाव शहरात पडणाऱ्या पावसाच्या निम्म्याच्या आसपास पाऊस अथणीकडे पडतो. हा कोरडेपणाच द्राक्षाला मानवतो. पाणी ठिबकने मुळाशी द्यावयाचे आणि पान कोरडे ठेवावयाचे. जमिनीतील क्षार व पाण्याची टंचाई सोसावी म्हणून डॉगरिज या रानटी जातीच्या मुळांवर हव्या त्या वाणाचे कलम करतात.

बागेत विरळणी चालली होती. घडातील मणी दाटीने येतात. काही कात्रीने काढले नाहीत तर राहिलेल्यांना फुगण्यास जागा मिळत नाही. बायकांच्या रांगेत विद्यार्थ्याची थोरली बहीण होती. ती गावच्या शाळेत दहावीत. आम्ही विचारले, "किती मणी ठेवायचे हे कसे ठरवतेस?" ती म्हणाली, "पानं मोजायची, सर. एका घडाला धा-पंधरा पानं तरी जेवाय घालाय लागत्यात. पानं कमी असली तर मणी कमी ठेवायचं." प्रकाशसंश्लेषणाचा धडा आम्ही पुष्कळ वेळा शिकविला आहे; इतक्या थोडक्या शब्दांत कधी सांगता आला नाही.

"आणि शाळा?" आम्ही विचारले.

"हंगाम झाल्यावर बघू," ती म्हणाली.

हंगाम म्हणजे काय, याचा हिशेब आम्ही परतताना केला. डिसेंबरपर्यंत विरळणी. जानेवारीपासून तोडणी. मार्च-एप्रिलमध्ये बेदाणे. एस.एस.एल.सी.ची परीक्षाही त्याच मार्च-एप्रिलात.

तिच्या वडिलांना दोष देणे सोपे आहे, परंतु न्यायाचे नाही. ते आम्हांला म्हणाले, "सर, पोरगी हुशार हाय, मला बी कळतंय. पर ह्या दिसांत बाई मिळत न्हाई, आन् मिळाली तर परवडत न्हाई. गेल्या साली पावसानं शेडातला समदा माल काळा पडला." द्राक्षाचा धंदा दिसतो गोड, पण त्याच्या प्रत्येक पायरीवर धोका आहे. फुलोऱ्यात पाऊस आला तर केवडा व कूज, पुढे भुरी, माल तयार होताना पाऊस आला तर मणी तडकतात. केवड्यावरील जुने औषध म्हणजे मोरचूद व चुन्याचे बोर्डो मिश्रण. फ्रान्समध्ये चोरांना घाबरविण्यासाठी रस्त्याकडेच्या वेलींवर हे मिश्रण शिंपडीत. त्या वेलींना रोग होत नाही हे मिलार्डे नावाच्या शास्त्रज्ञाने हेरले आणि १८८५ साली प्रसिद्ध केले. आज औषधे पुष्कळ आहेत, पण त्यांचाही धोका आहे. शेंड्याची वाढ रोखून घड वाढविण्यासाठी क्लोरमेक्वाट नावाचे द्रव्य वापरीत. २०१० साली त्याचा अंश आढळल्यामुळे भारतीय द्राक्षे युरोपात अडविली गेली आणि बागाईतदारांचे मोठे नुकसान झाले. बाळीचा घड करण्याच्या घाईनेच तो माल अडला.

उपयोग

जगातील द्राक्षांपैकी सुमारे निम्मी मद्याकडे जातात. आपल्याकडे मात्र बहुतांश द्राक्षे ताजी खाण्यासाठी आणि बेदाण्यासाठी. ताज्या द्राक्षात सुमारे ८० टक्के पाणी आणि १६ ते १८ टक्के साखर. ही साखर ग्लुकोज व फ्रुक्टोज या साध्या रूपात असल्याने लवकर अंगी लागते. थकलेल्या मनुष्याला द्राक्षाने हुशारी येते ती यामुळे. मधुमेह असणाऱ्यांनी मात्र वैद्याच्या सल्ल्यानेच खावे. आंबटपणा मुख्यतः टार्टारिक व मॅलिक आम्लांचा. आंबा तोडल्यावर पिकतो, द्राक्ष तोडल्यावर पिकत नाही. आंबट घड घरी ठेवून गोड होईल अशी आशा करू नये.

बेदाणा करण्याची रीत मुलांनी समजून घ्यावी. मेणाची जी झाक वर सांगितली, तिच्यामुळे मण्यातील पाणी बाहेर पडत नाही. म्हणून एक लिटर पाण्यात २५ ग्रॅम पोटॅशियम कार्बोनेट व १५ मिलिलिटर इथाइल ओलिएट, ज्याला डिपिंग ऑइल म्हणतात, या प्रमाणाच्या द्रावणात घड काही मिनिटे बुडवितात. मेणाच्या थरात सूक्ष्म वाटा पडतात. मग शेडमधील जाळ्यांच्या कप्प्यांवर सावलीत, वाऱ्यावर सुमारे दोन आठवडे वाळवितात. चार किलो द्राक्षांपासून साधारण एक किलो बेदाणा होतो. पाण्याचा अंश सुमारे १५ टक्क्यांवर आला की तो टिकतो. अथणी तालुक्यात तेलसंग व आसपासच्या गावांत अशा शेड पुष्कळ आहेत. विक्रीची मोठी पेठ तासगाव व सांगली. बिनबियांचा तो बेदाणा, बियांचा तो मनुका.

औषधातही द्राक्षाला मान आहे. चरकसंहितेत फळांमध्ये मृद्वीका म्हणजे द्राक्ष श्रेष्ठ मानले आहे. द्राक्षासव, द्राक्षारिष्ट प्रसिद्धच आहेत. युनानी हकीम मनुक्याला मवीज म्हणतात व पोट साफ राहण्यासाठी देतात. रसापासून सिरका होतो, बियांपासून तेल निघते, आणि तुर्कस्तान, इराणकडे कोवळ्या पानांत भात भरून दोलमा नावाचा पदार्थ करतात. कानडीत द्राक्षी, मराठीत द्राक्ष, उर्दूत अंगूर. आमच्या सीमाभागात तिन्ही नावे एकाच गाडीवर ऐकू येतात, आणि भाव एकच असतो.

शेवटी

आमच्या वेलीला त्या हंगामात सात घड आले. निपाणीच्या ओल्या हवेत पाचांवर केवडा पडला. राहिलेले दोन आम्ही वर्गात नेले. प्रत्येकाला एक-दोन मणी मिळाले. ते आंबट होते, पण कोणी तक्रार केली नाही. दोडक्याची मागणी मागे घेण्यात आली.

विद्यार्थ्याची बहीण त्या वर्षी परीक्षेला बसली नाही. पुढच्या जूनमध्ये आम्ही पुन्हा तिच्या वडिलांकडे गेलो. उपदेश करण्यासाठी नव्हे, विचारण्यासाठी. मुलीचा विरळणीचा रोज किती, तेवढ्या दिवसांना एक बाई लावली तर खर्च किती, याचा हिशेब त्यांच्याबरोबर कागदावर मांडला. मामांनी राहण्या-जेवण्याची जबाबदारी घेतली. मुलगी निपाणीस आली, दहावीला बसली आणि उत्तीर्ण झाली. विरळणीच्या दिवसांत रविवारी ती गावी जाई. ते तिचे कसब आहे आणि ते तिने सोडावे असे आम्हांला कधीच वाटले नाही.

परंतु अशी मुले एकटीदुकटी नाहीत. द्राक्षाच्या पट्ट्यात विरळणी व बेदाण्याच्या दिवसांत, आणि आमच्याकडे तंबाखूच्या हंगामात, वर्गातील बाके रिकामी होतात. शिक्षकांनी हजेरीपटावर लाल रेघ ओढून थांबू नये; त्या घरी जावे, हिशेब विचारावा. पालकांनीही एक गोष्ट ध्यानात घ्यावी. वेलीच्या डोळ्यात घड की बाळी हे फळ दिसण्याच्या पुष्कळ आधी, पानांच्या दिवसांत ठरते. तेव्हा ऊन मिळाले नाही तर पुढे कितीही खत-पाणी घातले तरी तो डोळा घड देत नाही. वेलीला मात्र दुसऱ्या वर्षी नवी काडी येते. मुलांचे दहावीचे वर्ष हुकले, तर ते इतक्या सहज परत येत नाही.